इथिओपियाला ‘ख्रिस्ती राष्ट्र’ म्हणताना

संपादक महोदय,
स. न. वि. वि.

आफ्रिकेतील ख्रिस्ती देशांवरच्या आपल्या लेखात इथिओपियाला झांबियाच्या पंक्तीत बसवून ‘ख्रिस्ती राष्ट्र’ म्हटले आहे. ती पंगत त्याची नव्हे. झांबियाला राष्ट्राध्यक्ष फ्रेडरिक चिलुबा यांनी डिसेंबर १९९१ मध्ये ख्रिस्ती राष्ट्र जाहीर केले आणि १९९६ मध्ये ते शब्द घटनेच्या प्रास्ताविकेत गेले. इथिओपिया उलट्या वाटेने गेला. सम्राट हैले सेलासी यांच्या १९५५ च्या घटनेत ऑर्थोडॉक्स चर्चला, म्हणजे तिथल्या प्राचीन ख्रिस्ती पंथाला, राजमान्यता होती. १९७४ च्या क्रांतीनंतर ती गेली. १९९५ च्या घटनेचे कलम ११ तर स्वच्छ सांगते की राज्य आणि धर्म वेगळे आहेत, राज्याला धर्म नाही आणि दोघांनी एकमेकांच्या कारभारात पडायचे नाही.

‘मिशनऱ्यांनी नेलेला धर्म’ हे लेखातले विधानही सरसकट करता येत नाही. अक्सुमचा (उत्तर इथिओपियातले प्राचीन राज्य) राजा एझाना चौथ्या शतकात ख्रिस्ती झाला. त्याच्या आधीच्या नाण्यांवर चंद्रकोर आणि बिंब दिसते, नंतरच्या नाण्यांवर क्रूस. म्हणजे पोर्तुगीज आपल्या साष्टी-ठाण्यात येण्याच्या सुमारे बाराशे वर्षे आधी! दक्षिण आणि पश्चिम भागातला प्रोटेस्टंट पंथ मात्र खरोखर मिशनांच्या कामातून वाढला. १८९९ मध्ये ओनेसिमोस नेसिब यांनी ओरोमो या देशातल्या मोठ्या समाजाच्या भाषेत बायबल आणले ते त्याच परंपरेत. इस्लामही तिथे उपरा नाही. मक्केत छळ झालेल्या पहिल्या मुस्लिमांना सुमारे ६१५ मध्ये आसरा दिला तो याच भूमीच्या ख्रिस्ती राजाने. आपल्याकडचा ‘हबशी’ शब्द तिथलाच, आणि मलिक अंबरही.

२००७ च्या जनगणनेत ऑर्थोडॉक्स सुमारे ४३.५ टक्के, मुस्लिम ३४ टक्के आणि प्रोटेस्टंट साडेअठरा टक्के होते. पुढची जनगणना वारंवार लांबणीवर पडल्याने आज प्रत्येक गट आपलाच आकडा पुढे करतो. शिवाय देशाची सरासरी फसवी आहे. अम्हारा प्रांतात ऑर्थोडॉक्स ऐंशी टक्क्यांहून अधिक, सोमाली प्रांत जवळजवळ पूर्ण मुस्लिम, तर ओरोमोंच्या ओरोमिया प्रांतात कोणाचेच निर्विवाद बहुमत नाही.

धर्माची खरी सीमा तिथे ताटात दिसते. खाटकाच्या पाटीवर क्रूस किंवा चंद्रकोर असते आणि गिऱ्हाईक ती पाहूनच आत शिरते. दुसऱ्या धर्माच्या माणसाने कापलेले मांस खाणे म्हणजे धर्म सोडण्याच्या जवळ जाणे, असे दोन्हीकडची जुनी माणसे मानतात. सणाला शेजारी वर्गणी काढून बैल घेतात, त्याला ‘किर्चा’ म्हणतात. मांस, काळीज, आतडी, हाडे हे सगळे प्रत्येक वाट्यात सारखे येईल असे ढीग लावतात. पण हे वाटेकरी एकाच धर्माचे असतात. मिश्र वस्तीतल्या लग्नात यजमान दुसऱ्या धर्माच्या पाहुण्यांसाठी त्यांच्याच धर्माचा कापणारा, आचारी आणि भांडी वेगळी ठेवतो. घोटाळा होतो तो डाव किंवा सुरी इकडची तिकडे गेली की. मग पाहुणे न जेवता उठतात. ‘इकुब’ म्हणजे आपली भिशी आणि ‘इदिर’ म्हणजे मयतीच्या खर्चासाठी दरमहा वर्गणी काढणारे मंडळ. इदिरमध्ये मात्र अनेक ठिकाणी दोन्ही धर्मांची घरे असतात. तंबू, बाके, पातेली सगळ्यांची एकच.

दुरावा नाही, असे मी म्हणत नाही. एप्रिल २०२२ मध्ये गोंदर शहरात मुस्लिमांच्या अंत्ययात्रेवर हल्ला होऊन माणसे मेली. पण लेखात भांडण फक्त ‘ख्रिस्ती विरुद्ध मुस्लिम’ असे दाखवले आहे, ते अपुरे आहे. जानेवारी २०२३ मध्ये ऑर्थोडॉक्स चर्चच्याच तीन आर्चबिशपांनी चर्चच्या धर्मसभेला न विचारता २६ बिशप नेमले. ओरोमोंना त्यांच्या भाषेत उपासना मिळत नाही, ही त्यांची तक्रार. धर्म एकच, भांडण भाषेचे! फेब्रुवारीत पंतप्रधान अबी अहमद यांच्या मध्यस्थीनंतर समझोता झाला. ते स्वतः पेंटेकोस्टल (प्रोटेस्टंटांतला एक पंथ), वडील मुस्लिम, आई ऑर्थोडॉक्स. अशा घराला कोणत्या रकान्यात घालणार?

ठाणे-बेलापूर पट्ट्यातून कामासाठी अदिस अबाबाला जाणाऱ्यांसाठी थोडे. वेळ ठरवताना ‘फेरेंज’ (आपला फिरंगी) घड्याळ की स्थानिक, हे विचारून घ्यावे. स्थानिक घड्याळाचे तास सकाळी सहापासून मोजतात, म्हणून सकाळच्या सातला त्यात एक वाजतो. बुधवार-शुक्रवार आणि ईस्टरआधीचे ५५ दिवस ऑर्थोडॉक्स लोकांचा ‘त्सोम’ म्हणजे उपवास असतो. त्यात मांस, अंडी, दूध, तूप वर्ज्य. शाकाहाऱ्याने हॉटेलात ‘त्सोम’चे जेवण मागावे, इंजेरावर (आंबवलेल्या पिठाची मोठी पोळी) डाळी-भाज्या मिळतात. ईस्टरनंतर ५० दिवस मात्र बुधवार-शुक्रवारचाही त्सोम नसतो, तेव्हा हे ताट मिळायला अवघड जाते. आणि यजमानांसाठी पेढे नेऊ नयेत, त्सोमात ते तसेच पडून राहतात. गूळ-शेंगदाण्याची चिक्की न्यावी, तूप न लावलेली. ती ऑर्थोडॉक्स, मुस्लिम, प्रोटेस्टंट अशा तिन्ही घरी चालते.

आपला,
एक वाचक, नौपाडा, ठाणे