पुस्तकं परत आणा आणि चालण्याचा धडा वाचून या
मंडळी, ग्रुपची अ‍ॅनिमेशनची पुस्तकं ज्यांच्याकडे आहेत त्यांनी रविवारी आठवणीने घेऊन या, पुढचे लोक कधीपासून थांबलेत.

नवीन मेंबर्सनी सुरुवात रिचर्ड विल्यम्स यांच्या 'द अ‍ॅनिमेटर्स सर्व्हायव्हल किट'पासूनच करा, हे मी अगदी आग्रहाने सांगतेय. फक्त चालण्याचा धडा वाचून या, पण नुसता वाचू नका, कागद-पेन्सिल घेऊन बसा आणि पाय टेकतो, शरीर खाली दबतं, दुसरा पाय पुढे जातो, शरीर वर उचललं जातं अशा चारही पोझेस स्वतः काढा, कारण तो खाली दबण्याचा क्षण चुकला की कॅरेक्टरला वजनच राहत नाही, ते तरंगल्यासारखं दिसतं. थ्रीडी करणाऱ्यांनीसुद्धा हे हाताने काढायचंच, सॉफ्टवेअर वजन देत नाही हो!

फ्रँक थॉमस आणि ऑली जॉन्स्टन यांचं १९८१ चं 'द इल्युजन ऑफ लाइफ' जाडजूड आहे, ते निवांत वाचा, आधी अ‍ॅनिमेशनच्या १२ मूलभूत तत्त्वांचा भाग बघा.

पुस्तकात पेनाने खुणा करू नका प्लीज, चिठ्ठ्या लावा. कोणाला मुदत वाढवून हवी असेल तर शुक्रवारपर्यंत इथेच कळवा.