मैदानावरील निवेदकाचीही दखल घ्यावी

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या क्रीडा पुरवणीत समालोचकांविषयी वेळोवेळी आपुलकीने लिहिले जाते; ध्वनिक्षेपकावरून हजारो प्रेक्षकांना खेळाडूची ओळख करून देणारा मैदानावरील निवेदक मात्र उपेक्षित राहतो. या कामाला केवढी प्रतिष्ठा लाभू शकते, हे न्यूयॉर्कच्या यँकी स्टेडियम या बेसबॉल मैदानाचे निवेदक बॉब शेपर्ड यांच्या कारकिर्दीवरून दिसते, म्हणून हे पत्र.

शेपर्ड पेशाने शिक्षक. न्यूयॉर्कच्या क्वीन्स भागातील जॉन अ‍ॅडम्स हायस्कूलमध्ये आणि सेंट जॉन्स विद्यापीठात ते भाषणकला शिकवीत. 17 एप्रिल 1951 रोजी, म्हणजे विख्यात बेसबॉलपटू मिकी मँटल यँकीज या तेथील संघाकडून पहिला सामना खेळला त्याच दिवशी, त्यांनी तेथील मायक्रोफोन हाती घेतला आणि 2007 पर्यंत तो सांभाळला.

फलंदाज पुढे निघाला की त्याचा क्रमांक, नाव आणि पुन्हा क्रमांक, असे ते सांगत. एवढ्या मोठ्या मैदानात आवाज घुमतो आणि भरभर बोलणाऱ्याचा एक शब्द दुसऱ्यात मिसळून जातो. त्यामुळे प्रत्येक शब्द सुटा, पूर्ण आणि संथपणे उच्चारण्याची त्यांची पद्धत केवळ लकब नव्हती, तर तिच्यामागे वर्गात मुरलेली शिस्त होती. नाव परक्या भाषेतले असेल, तर त्याचा उच्चार ते आधी खात्री करून घेत. निवेदन स्पष्ट, मोजके आणि अचूक असावे, निवेदकाने विनोद करू नये की रंग भरू नयेत, असे त्यांचे ठाम मत होते. मला तर यात खेळाडूविषयीचा आदर दिसतो, कारण आपले नाव नीट उच्चारले जावे हा पाहुण्या संघातील नवख्या खेळाडूचाही हक्कच आहे.

यँकीजचे खेळाडू रेजी जॅक्सन यांनी शेपर्ड यांच्या आवाजाला ‘देवाचा आवाज’ म्हटले. सन 2000 मध्ये यँकी स्टेडियमच्या मॉन्युमेंट पार्क या स्मारक-विभागात, थोर खेळाडूंच्या पंक्तीत, त्यांच्या सन्मानाचा फलक लागला. यँकीजचेच खेळाडू डेरेक जीटर यांनी तर शेपर्ड यांच्या आवाजातील आपल्या नावाचे ध्वनिमुद्रण मागून घेतले. जुलै 2010 मध्ये वयाच्या 99व्या वर्षी शेपर्ड यांचे निधन झाले, तरी जीटर 2014 मध्ये निवृत्त होईपर्यंत घरच्या मैदानावर त्याच आवाजात पुकारले जात होते. एका निवेदकाला खेळाडूकडून याहून मोठी पावती कोणती मिळणार?

आपल्याकडेही कबड्डी, खो-खो आणि क्रिकेटच्या मैदानांवर वर्षानुवर्षे माइक सांभाळणारी मंडळी आहेत. त्यांच्या मुलाखती आपल्या पुरवणीत छापाव्यात आणि नावांची तयारी ते कशी करतात, हे त्यांना आवर्जून विचारावे, ही विनंती.

आपला,
एक नियमित वाचक, ठाणे