मधली आठ वर्षे

मा. संपादक,
स. न. वि. वि.

आपल्या रविवारच्या पुरवणीतला ब्रिटिश निसर्गपटकार डेव्हिड अ‍ॅटनबरो यांच्यावरचा लेख मनापासून आवडला. रवांडातले गोरिला आले, खोल समुद्र आला, तो आवाज आला. फक्त एका जागी अडखळलो. 1954 च्या ‘झू क्वेस्ट’ या प्राण्यांवरच्या मालिकेवरून लेख थेट 1979 च्या ‘लाइफ ऑन अर्थ’ या मालिकेवर उडी मारतो. मधला काळ बीबीसीत प्रशासकीय कामात गेला, एवढ्या एका वाक्यात त्याची बोळवण.

माझे पुण्यात पस्तीस वर्षे रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचे दुकान होते. त्यामुळे समोर काय दिसते यापेक्षा डब्याच्या मागच्या बाजूला काय चालले आहे, तिकडेच माझे लक्ष असते. ती सवय म्हणा, खोड म्हणा. म्हणून या मधल्या, 1965 ते 1973 च्या आठ वर्षांबद्दल थोडे लिहितो.

बीबीसी टू ही वाहिनी 20 एप्रिल 1964 ला सुरू व्हायची होती. त्याच संध्याकाळी बॅटरसीच्या वीजकेंद्रात घोळ झाला आणि पश्चिम लंडन अंधारात गेले. उद्घाटन बारगळले ते बारगळलेच. दुसऱ्या दिवशी सकाळी लहान मुलांचा ‘प्ले स्कूल’ लागला आणि तोच वाहिनीचा पहिला कार्यक्रम ठरला. संध्याकाळी निवेदकाने मेणबत्ती फुंकून रात्रीचे कार्यक्रम सुरू केले. भारनियमनात आयुष्य गेलेल्या आपल्या लोकांना ही गोष्ट सांगितली की ते हसतातच.

खरी अडचण दिवे आल्यावर कळली. टीव्हीचे चित्र आडव्या रेषांनी बनते; जुने इंग्लिश संच 405 रेषांचे होते आणि ही वाहिनी 625 रेषांची, तीही यूएचएफ या वेगळ्या लहरींवर. म्हणजे संच नवा घ्या आणि वर अँटेनाही नवीन लावा. घरात दोन वाहिन्या बिनतक्रार दिसत असताना तिसरीसाठी एवढा खर्च कोण करणार? गिऱ्हाईकाला हे पटवणे काय असते, ते आमच्या धंद्यातल्या माणसाला विचारा.

मार्च 1965 मध्ये ही वाहिनी अ‍ॅटनबरोंच्या हाती आली. वय 38. त्याआधी कायम नोकरी सोडून ते मानववंशशास्त्र शिकायला बसले होते, ते अर्धवट टाकून आले. येताना एक अट मात्र घातली: अधूनमधून स्वतः कार्यक्रम करायला जाऊ द्यायचे. वाहिनीचे बोधचिन्ह असलेल्या कांगारूंना त्यांनी आल्या आल्या निरोप दिला, हे प्राणिप्रेमींच्या कानावर घालावे की नाही कोण जाणे.

मग आला रंग. पश्चिम जर्मनी ऑगस्ट 1967 मध्ये रंगीत प्रक्षेपण सुरू करणार होती. अ‍ॅटनबरोंकडे रंगीत कॅमेरे मोजकेच. त्यांनी शोधले काय, तर टेनिस! कॅमेरे एकदा कोर्टाभोवती लावले की हलवायचे काम नाही, आणि तासन् तास चित्र मिळणार. 1 जुलै 1967 ला विम्बल्डन रंगीत दिसले आणि जर्मनी मागे राहिली. पुढे 1969 मध्ये ‘पॉट ब्लॅक’ हा स्नूकरचा कार्यक्रम आला, तोही याच हिशेबाने: एक टेबल, थोडा खर्च, आणि चेंडू रंगावरूनच ओळखायचे असल्यामुळे रंगाशिवाय ज्याला अर्थच नाही असा खेळ. (मला स्वतःला स्नूकर बघताना झोप येते, पण डोके कोणाचे चालले ते कळते.) रंगीत संचाचा परवाना 1968 मध्ये 10 पौंडांचा होता, साध्याच्या दुप्पट. आपल्याकडेही टीव्हीचा परवाना पोस्टात भरावा लागे, जुन्या वाचकांना आठवत असेल.

त्याच 1969 सालचे दुसरे काम याच्या अगदी उलट, खर्चाचे. कलेचे इतिहासकार केनेथ क्लार्क यांच्याकडून त्यांनी युरोपीय कलेवर 13 भागांची ‘सिव्हिलायझेशन’ ही मालिका करवून घेतली. चित्रे, चर्च, पुतळे, सगळे रंगात. एका जाणकार माणसाला 13 आठवडे सलग बोलू द्यायचे, घाई करायची नाही. याच साच्यात पुढे ब्रोनोव्स्कींची विज्ञानावरची मालिका झाली. आणि ‘लाइफ ऑन अर्थ’चे भाग किती? 13. जो साचा त्यांनी दुसऱ्यांसाठी पाडला, त्यात स्वतः उभे राहायला त्यांना दहा वर्षे लागली. म्हणूनच मधली वर्षे वगळली की 1979 चा अ‍ॅटनबरो आभाळातून पडल्यासारखा वाटतो.

1969 पासून ते बीबीसीच्या दोन्ही वाहिन्यांचे कार्यक्रम संचालक होते. 1972 मध्ये तर महासंचालकपदासाठी त्यांचे नाव निघाले. आपल्याला ‘गांधी’मुळे माहीत असलेले थोरले बंधू रिचर्ड यांना त्यांनी फोन करून सांगितले, मला या कामाची भूकच नाही. 1973 उजाडताना खुर्ची सोडली आणि पुन्हा कॅमेऱ्यासमोर गेले. ‘प्रशासकीय काम’ म्हणून ज्याची बोळवण झाली, ते हे.

आपल्याकडे रंग यायला 1982 साल उजाडले. तोवर माझ्या दुकानातून निळ्या प्लास्टिकच्या काचा भरपूर खपल्या. काळ्या-पांढऱ्या पडद्यापुढे लावायच्या. सिंहगडावरच्या प्रक्षेपण केंद्रातून येणाऱ्या चित्रात आभाळ छान निळे दिसे, बातम्या देणाऱ्या बाईही निळ्याच.

जाता जाता एक दुरुस्ती. लेखासोबतच्या रेखाचित्रात 1967 च्या विम्बल्डनवर पिवळा चेंडू काढला आहे. तो पांढरा हवा. टीव्हीवर नीट दिसावा म्हणून पिवळ्या चेंडूला 1972 मध्ये मान्यता मिळाली, आणि विम्बल्डनवाल्यांनी तो 1986 पर्यंत हातात धरला नाही. पुढच्या अंकात चित्रकारांना सांगावे.

आपला,
एक जुना वाचक, पुणे