निवाड्यावर अपील करण्याबाबत आई-बाबांना पत्र

पुणे,
१ फेब्रुवारी २०२६

तीर्थरूप आई आणि बाबा यांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

बाबा, परवा फोनवर ‘पदरी पडले आणि पवित्र झाले’ असे म्हणून तुम्ही तुमच्या अपघाताच्या भरपाईच्या निवाड्याचा विषय मिटवलात. वाद नको म्हणून मी गप्प राहिले. पण विषय मिटलेला नाही आणि त्याला मुदतही आहे, म्हणून सविस्तर लिहीत आहे.

मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाने तुमचे उत्पन्न महिना १०,००० रुपये धरले, अपघाताच्या वेळच्या ५४ वर्षे वयाला ११ चा गुणक (वर्षाच्या उत्पन्नाला वयानुसार ज्या आकड्याने गुणतात तो) लावला आणि डॉक्टरांच्या दाखल्यावर ३० टक्के अपंगत्व आहे म्हणून कमाईचे नुकसानही ३० टक्केच मानून ३,९६,००० रुपये दिले. गुणक बरोबर आहे. माझा आक्षेप त्या ३० टक्क्यांना आहे. शरीराला अपंगत्व किती आले हे डॉक्टर सांगतात. त्यामुळे कमाई किती बुडाली हे न्यायालयाने त्या माणसाचा धंदा पाहून ठरवायचे असते. सर्वोच्च न्यायालयाने २०१० साली हे स्पष्ट करताना दिलेले उदाहरण आपल्यालाच सांगितल्यासारखे आहे: डावा हात गमावलेला माणूस सरकारी कारकून असेल तर त्याची नोकरी टिकू शकते, पण तो सुतार किंवा ड्रायव्हर असेल तर त्याची कमाई जवळजवळ शंभर टक्के बुडते. तुमचा तर उजवा अंगठा आणि तर्जनी वळत नाही. ज्याला कात्री धरून कापड बेतता येत नाही, त्या शिंप्याच्या हातात ७० टक्के धंदा उरला, असे त्या निवाड्याचे म्हणणे आहे!

दुसरी चूक भावी उत्पन्नवाढीची. स्वतःचा धंदा असलेल्या ५० ते ६० वयाच्या माणसाच्या उत्पन्नात १० टक्के वाढ धरावी, असे सर्वोच्च न्यायालयाच्याच पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने २०१७ साली मृत्यूच्या प्रकरणात ठरवले, आणि कायमच्या अपंगत्वालाही ते लागू होते, हे २०२० च्या निकालात आले. आपल्या निवाड्यात त्याचा उल्लेखच नाही. ही वाढ धरून आणि कमाईचे नुकसान ७० टक्के मानून हिशेब केला तर १०,१६,४०० रुपये होतात. ७० टक्के हा आपल्या वकिलांचा अंदाज आहे, तो तसाच मान्य होईल असे मी म्हणत नाही.

आई, चार महिने तू त्यांना भरवलेस, उठवलेस, बसवलेस. त्याबद्दल निवाड्यात एक ओळ नाही. पगारी माणूस ठेवला असता तर पावती तरी झाली असती.

आता बाबांच्या शंका. अपिलासाठी आधी २५,००० रुपये भरावे लागतात, हे तुम्ही ऐकलेत ते अर्धवट आहे. ज्याच्यावर पैसे देण्याचा आदेश झाला आहे त्याने, म्हणजे विमा कंपनीने, अपील केले तर २५,००० किंवा निवाड्याच्या निम्मी रक्कम, यांपैकी जी कमी असेल ती भरायची असते. आपल्याला ती अट नाही; कोर्ट फी आणि वकिलांचा खर्च मात्र येईल, तो मी करणार आहे. मुंबईच्या खेपाही नकोत, कारण १८ ऑगस्ट २०२५ पासून उच्च न्यायालयाचे सर्किट बेंच (फिरते खंडपीठ) कोल्हापुरात सुरू झाले असून आपला जिल्हा त्यात येतो. आपण अपील केल्यावर मिळालेलेच कमी होईल, ही भीतीही फार बाळगू नका. कंपनीने स्वतः अपील किंवा उलट-आक्षेप (आपल्याच अपिलात निवाड्याविरुद्ध तिची हरकत) दाखल केला तरच तो प्रश्न येईल. निकालाला वर्षे लागू शकतात, हे मात्र खरे आहे आणि ते मी लपवत नाही.

निवाडा ९ जानेवारीचा आहे आणि मुदत ९० दिवसांची, म्हणजे ९ एप्रिलपर्यंत. प्रमाणित नकलेला लागलेले दिवस त्यातून वगळले जातात आणि सबळ कारण असल्यास उशीर माफही होतो, पण त्या भरवशावर बसणे मला पटत नाही.

धंदा किती होता हे दाखवणाऱ्या दुकानाच्या मापाच्या वह्या आपण दाव्यात दाखल केल्या नाहीत, ही चूक आपली. अपिलात नवा पुरावा सहजी घेत नाहीत, तरी त्या रद्दीत घालू नका. वकिलांना पाहायच्या आहेत. आई, त्या माळ्यावरच्या ट्रंकेत असाव्यात. मी शनिवारी येते आहे, वकीलपत्र बरोबर आणते. बाबा, सही डाव्या हाताने केलीत तरी चालेल, दाव्याच्या वेळीही तशीच केली होती.

तुमची लेक,
वैशाली