अल्बममधला मागचा रस्ता

अमळनेर

चि. मनीषास अनेक आशीर्वाद.

तू पाठवलेले मुंबईचे जुने फोटो बाबांनी आणि मी रात्री मोबाईलवर मोठे करकरून पाहिले. ट्राम 1964 साली बंद झाली, पण तिच्या पायरीवर लोंबकळणारा तो माणूस अजून घाईतच आहे. आपला फोटो निघतोय हे त्याला ठाऊकच नाही, म्हणून तो इतका ओळखीचा वाटतो.

आपल्याकडे असे फोटो का नाहीत, विचारलंस. अगं, रोल महाग. क्लिक थ्रीसारख्या कॅमेऱ्यात एका रोलवर 12 फोटो, तेही लग्ना-बारशासाठी राखलेले. अनोळखी सायकलवाल्यावर कोण खर्च करणार? एरवी स्टुडिओतल्या रंगीत पडद्यापुढे ताठ बसायचं. आपल्या चाळीसगावच्या केकी मूस यांनी तर कितीतरी वर्षं घराबाहेर न पडता, टेबलावर वस्तू मांडून फोटो काढले. प्रत्येक सावली त्यांच्या मनासारखी. ती कला मोठीच. पण रस्त्यावरच्या फोटोत अर्धं चित्र काढणाऱ्याच्या हाती नसतंच, आणि मला तेच आवडतं. शिकागोत मुलं सांभाळणारी विवियन मायर रॉलिफ्लेक्स घेऊन हिंडायची. तो कॅमेरा पोटाशी धरून वरून बघायचा असतो, त्यामुळे समोरचा माणूस बुजत नाही.

परवा आपला अल्बम काढला आणि नवरदेव सोडून मागचं पाहत बसले. काकांच्या वरातीमागे सलूनच्या दारात एक जण गालाला फेस लावून उभा, दाढी अर्धी टाकून वरात बघतोय. बोरी नदीच्या वाळवंटात, सखाराम महाराजांच्या यात्रेत, तुझी आजी फोटोसाठी गंभीर झालीय आणि तिच्या मागून एक बाई पोराला कडेवर घेऊन रथाकडे धावतेय. यांना कुणी टिपायला गेलं नव्हतं. आता नजर आधी त्यांच्यावरच जाते.

तूही चौकातलं रोजचं काढत जा, रिक्षा स्टँड, रसवंती, दुकानांच्या पाट्या. कुणाच्या दुःखाचा किंवा लाजेचा फोटो मात्र नको. आणि गाव, तारीख लिहून ठेव. त्या फेसवाल्याचं नाव सांगणारं आता घरात कुणी उरलं नाही.

दिवाळीला आलीस की सगळं स्कॅन करू. आत्यालाही तिचा अल्बम आणायला सांगितलंय. निगेटिव्हची पाकिटं सापडलीत, ती आधी घेऊ. प्रिंट काढताना कडा कापल्या जायच्या, निगेटिव्हमध्ये अजून थोडा रस्ता असेल.

तुझी,
आई