ग्वाल्हेरहून बटेश्वरला सकाळी नेईल आणि संध्याकाळी परत आणेल अशी एक बस द्या

प्रति,
माननीय पर्यटन मंत्री महोदय,
मध्य प्रदेश शासन, भोपाळ

महोदय,

स. न. वि. वि.

गेल्या डिसेंबरात, वयाच्या 63 व्या वर्षी, मी पहिल्यांदा मुरैना जिल्ह्यातल्या मितावलीचं जुनं देऊळ पाहायला गेले. ग्वाल्हेरच्या लश्कर भागातल्या माझ्या घरापासून ते अंतर जेमतेम 40 किलोमीटर आहे. 31 वर्षं मी मुलींच्या शाळेत इतिहास शिकवला. प्रतिहार, कच्छपघात ही नावं दरवर्षी फळ्यावर लिहिली, मुलींनी ती वहीत उतरवून घेतली, आणि त्या राजांच्या काळातली देवळं इतक्या जवळ असून आमच्यातल्या एकीनेही ती पाहिली नाहीत. सहली खजुराहोला गेल्या, सांचीला गेल्या, एकदा तर वेरूळलाही. काखेत कळसा आणि गावाला वळसा, अशी गत झाली. याची मला खंत वाटते, आणि म्हणूनच हे पत्र.

त्याची हिंदी प्रत आपल्या कार्यालयाकडे वेगळी पाठवली आहे. मराठीत लिहिण्याचं कारण असं, की लश्कर, जीवाजीगंज, शिंदे की छावणी इथल्या मराठी घरांत माझ्यासारखी पुष्कळ माणसं आहेत. मितावली, पडावली, बटेश्वर ही जवळजवळच्या तीन देवळांच्या ठिकाणांची नावं ती ऐकून आहेत, पण तिकडे गेलेली नाहीत. त्यांनीही हे वाचावं आणि आपल्याकडे हेच मागणं करावं, अशी माझी इच्छा आहे.

आम्ही का गेलो नाही, ते आधी सांगते. माझ्या लहानपणी मुरैन्याचं नाव निघालं की आजी बोलणंच तोडायची. बीहड म्हणजे चंबळच्या दऱ्याखोऱ्या, तिथले बागी म्हणजे डाकू, आणि बंदुका. 1972 च्या एप्रिलमध्ये जौऱ्याला जयप्रकाश नारायण यांच्यासमोर डाकूंनी शस्त्रं खाली ठेवली, तेव्हा मी दहा वर्षांची होते. बाबांनी ती बातमी सकाळी ऐकली, दुपारी ऐकली आणि रात्री पुन्हा रेडिओला कान लावला. तरी नंतरची कितीतरी वर्षं तिकडे कोणी फिरायला म्हणून गेलं नाही. बटेश्वरची देवळं दगडांचा ढीग होऊन झाडाझुडपांत पडून राहिली. 2005 साली पुरातत्त्व खात्याचे के. के. मुहम्मद यांनी ती उभी करायला घेतली, तेव्हाही त्या भागात निर्भय गुज्जरच्या टोळीचा वावर होता. देवळात बिडी ओढत बसलेल्या एका माणसाला आपण दटावलं आणि तो निर्भय गुज्जर निघाला, हे मुहम्मद यांनीच पुढे सांगितलं आहे. तो काळ आता सरला. ज्या भीतीने आमच्या दोन पिढ्यांना घरात बसवलं, ती भीती राहिलेली नाही. आता सगळं अडतं ते गाडीपाशी.

पुण्याहून माझी भाची आली होती. पंचविशीची मुलगी, पाठीला पिशवी अडकवून एकटी हिंडणारी. ती म्हणाली, "मावशी, टॅक्सी नको. आपण बसने जाऊ, आपल्या मनासारखं बघू." सकाळी आठला आम्ही निघालो. भिंड रोडच्या बसने मालनपूरपर्यंत सुखाने पोचलो. तिथून एका टेम्पोत दाटीवाटीने बसून रिठौऱ्याच्या बाजूला गेलो. पुढे काही नाही. तासभर रस्त्याच्या कडेला उभ्या राहिलो. दगडांनी भरलेले ट्रॅक्टर गेले, मोटरसायकली गेल्या. एका किराणा दुकानदाराने बसायला खुर्ची दिली आणि म्हणाला, "बहनजी, उधर से लौटने का साधन नहीं मिलेगा." आम्ही तिथूनच घरी परतलो. दुसऱ्या दिवशी टॅक्सी केली. तेवढ्या भाड्यात आम्ही दोघी रेल्वेने पुण्याला पोचलो असतो.

टॅक्सीवाल्यालाही रस्ता ठाऊक नव्हता. एका फाट्यावर पाटीच नव्हती. तो डावीकडे वळला आणि आम्ही थेट एका खडी क्रशरच्या आवारात जाऊन थांबलो. मेंढ्या चारणाऱ्या एका म्हाताऱ्याने काठीने टेकडी दाखवली, तेव्हा कुठे वाट सापडली.

आणि मग मितावलीचं चौसष्ट योगिनी मंदिर. सपाट शेतांमधून उठलेली शंभरेक फुटांची टेकडी आणि वर चढत जाणाऱ्या शंभरेक पायऱ्या. मी तीनदा थांबले. वर पोचल्यावर समोर येते ती गोल भिंत. ती ओलांडून आत गेलं की चौसष्ट कोठड्या एकमेकींना लागून वर्तुळात उभ्या आहेत, पुढे खांबांची ओवरी, मध्ये मोकळं अंगण आणि अंगणाच्या मधोमध आणखी एक गोल मंडप. विक्रम संवत 1380 चा, म्हणजे इ. स. 1323 चा शिलालेख इथे सापडला आहे. कच्छपघात राजा देवपालाने हे बांधवलं असं त्यावरून सांगतात. योगिनींच्या मूर्ती आता नाहीत, कोठड्यांमध्ये शिवलिंगं आहेत. मधल्या मंडपाच्या छतातल्या शिळांना भोकं आहेत. पावसाचं पाणी त्यांतून झिरपून खालच्या साठ्यात उतरावं, अशी ती योजना. माझी भाची मान वर करून ती भोकं न्याहाळत होती. दिल्लीचं जुनं गोल संसद भवन यावरूनच बांधलं, असं इथे येणारा प्रत्येक जण सांगतो. त्याचा लेखी पुरावा आजवर कोणी दाखवलेला नाही, आणि या देवळाला त्या उसन्या मोठेपणाची गरजही नाही.

मला त्या ओवरीत निदान तासभर बसायचं होतं. ऊन सरकतं तशी खांबांची सावली एका कोठडीवरून दुसरीवर जाते, ते बघायचं होतं. पण खालून हॉर्न वाजू लागला. "मॅडम, आधा घंटा बहुत है." त्याचंही चूक नव्हतं, त्याला संध्याकाळचं दुसरं भाडं होतं. पण अख्खा दिवस आमच्या पाहण्याचं घड्याळ दुसऱ्याच्या हातात राहिलं. माझं मागणं नेमकं इथून सुरू होतं, महोदय. भाड्याची गाडी किंवा आखीव पॅकेज ज्यांना परवडतं त्यांनी खुशाल घ्यावं. पण साध्या माणसालाही सकाळी डबा बांधून निघता यावं, हवं तिथे बसता यावं, नको ते सोडता यावं आणि दिवेलागणीला घरी परतता यावं.

पडावलीबद्दल थोडक्यात सांगते. दारातले दोन दगडी सिंह आणि मंडपाच्या छताखालचं कोरीवकाम, एवढ्यासाठीसुद्धा जावं. जुन्या देवळाभोवती गोहदच्या जाट राणांनी गढी उभारली, म्हणून ते आज किल्ल्यासारखं दिसतं.

बटेश्वरला मात्र मी गप्प झाले. आठव्या ते दहाव्या शतकातली, प्रतिहारांच्या काळातली सुमारे दोनशे छोटी देवळं या एका उतारावर होती. त्यांतली कित्येक आता पुन्हा उभी आहेत. काही तर माणसाच्या उंचीहून थोडीच मोठी. जवळ जाऊन पाहिलं तर एकेका शिखरात दगडाचे रंग वेगळे दिसतात. शेंदरी, करडा, काळवंडलेला, आणि कुठे नव्या दगडाचा बिननक्षीचा तुकडा जुन्या कोरीव दगडाला टेकू देऊन बसलेला. म्हणजे ढिगातून एकेक दगड उचलून, त्याच्यावरची नक्षी दुसऱ्याशी जुळवून, कोणीतरी त्याची मूळ जागा शोधली. शिखरावरचे आमलक, म्हणजे माथ्यावर बसवायचे कंगोरेदार गोल दगड, अजून किती तरी खाली पडलेले आहेत, आपल्या देवळाची वाट पाहत असल्यासारखे. आजूबाजूच्या खाणींतल्या सुरुंगांनी ही देवळं हादरतात, ही तक्रार मुहम्मद यांनी वरपर्यंत नेली होती. तिथे रोज दहा-वीस माणसं हिंडत असली, तर तेवढे डोळेही राखणीला असतील. हे मला फार महत्त्वाचं वाटतं.

मितावलीच्या पायथ्याशी एका आजींनी आम्हाला घरात बोलावून माठातलं पाणी दिलं. आमच्याकडचं संपलं होतं आणि वर कुठे मिळालं नाही. तीन ठिकाणांपैकी एका ठिकाणी स्वच्छतागृहाला कुलूप होतं. किल्ली कोणाकडे ते कोणालाच माहीत नव्हतं. शेवटी आजींनीच त्यांच्या घराची मोरी वापरू दिली. त्यांची नात बारावीला आहे, अभ्यासात हुशार. पुढे ग्वाल्हेरला कॉलेजात जायचं म्हणते. आजी म्हणाल्या, "जाएगी कैसे? बस तो आवत नइयाँ." शहरातून देवळं बघायला जी बस येईल, तीच बस या मुलीला शहरात घेऊन जाईल. मी शिक्षिका आहे, मला हे वाक्य दोनदा लिहावंसं वाटतं.

राज्य परिवहन निगम 2005 साली बंद झालं. तेव्हापासून जिथे खाजगी बसवाल्याला नफा नाही, तिथे बस नाही. 2025 च्या एप्रिलमध्ये मंत्रिमंडळाने मुख्यमंत्री सुगम परिवहन सेवा या राज्याच्या बसयोजनेला मंजुरी दिली, तेव्हा मला आशा वाटली. आपण परिवहन खात्याशी बोलून ग्वाल्हेर–मितावली–पडावली–बटेश्वर हा मार्ग त्यात घालून घ्यावा. ग्वाल्हेर स्टेशनवरून निघून गोले का मंदिर, महाराजपुऱ्याचा विमानतळ, मालनपूर, रिठौरा आणि मग ही तीन ठिकाणं. विमानतळाची नवी इमारत 2024 च्या मार्चमध्ये सुरू झाली आणि ती याच रस्त्यावर आहे. ग्वाल्हेर–भिंड रेल्वेमार्गावर रिठौरा कलाँ हे स्टेशनही आहे. तिथे गाडीच्या वेळेला जोडून बस उभी राहिली तरी निम्मा प्रश्न सुटेल. सकाळी दोन फेऱ्या आणि संध्याकाळी साडेपाचच्या सुमाराला बटेश्वरहून परतीची शेवटची. निदान शनिवार-रविवारी आणि सुट्टीच्या दिवशी. रोज सुरू झाली तर आजींच्या नातीचं कॉलेजही सुटणार नाही.

हे अशक्य नाही, कारण याच भागात वर्षातून काही दिवस ते घडतं. ऐंतीच्या टेकडीवरच्या शनिचऱ्याच्या शनिमंदिरात शनिश्चरी अमावस्येला हजारोंनी माणसं लोटतात, तेव्हा बसगाड्या सुटतात, पाण्याचे टँकर उभे राहतात, रस्त्यावर पोलीस असतात. ती जत्रा होऊन गेली की पुन्हा सामसूम.

बसखेरीज प्रत्येक फाट्यावर एक ठळक पाटी हवी, तिच्यावर अंतर आणि पायी किती वेळ लागेल ते लिहिलेलं. पाणी आणि स्वच्छतागृह तिथल्याच गावातल्या बायकांच्या बचतगटाकडे सोपवावं, म्हणजे किल्ली गावात राहील आणि चार पैसेही गावात राहतील. आणि एक घडीचं पत्रक, हिंदीत आणि मराठीतही, ज्यात नकाशा, बसच्या वेळा आणि प्रत्येक देवळात काय पाहावं हे साध्या शब्दांत असेल. मजकूर लिहून द्यायला मी तयार आहे, त्याचा मोबदला नको.

मराठीचा आग्रह मी उगाच धरत नाही. ग्वाल्हेर संस्थानाचं पुरातत्त्व खातं 1913 साली सुरू झालं आणि त्याची धुरा मोरेश्वर बळवंत गर्दे या मराठी माणसाने वाहिली. गुजरी महालातल्या संग्रहालयात नरेसरच्या योगिनी आहेत, त्या बघताना मला गर्द्यांची आठवण होते. नरेसरची देवळं याच मुरैना जिल्ह्यात, ग्वाल्हेरच्या आणखी जवळ, पण तिथवर पायवाटेनेच जावं लागतं. सिहोनियाच्या ककनमठाला तर स्वतंत्र दिवस हवा. आपल्या किल्ल्यावरच्या सहस्रबाहू देवळातल्या 1093 च्या लेखात ज्याचा गौरव आहे, ते कच्छपघात राजा कीर्तिराजाचं देऊळ हेच. तिथेही जायचं आहे, पण आधी एक मार्ग तर सुरू होऊ दे.

2025 साली चौसष्ट योगिनींच्या मंदिरांचा युनेस्कोच्या संभाव्य यादीत समावेश झाला. आता बाहेरून लोक येतील, मोठी हॉटेलं त्यांच्या गाड्या लावतील. त्याआधी ग्वाल्हेरच्या माणसाला, मुरैन्याच्या माणसाला तिथे आपल्या पैशांत, आपल्या पायांनी जाता आलं पाहिजे, एवढा हट्ट मी धरते आहे.

हा मार्ग पाहायला आपण अधिकारी पाठवलेत तर कृपया मला कळवावं. डावीकडे वळून आम्ही क्रशरवर पोचलो तो फाटा, रिठौऱ्याचं ते किराणा दुकान आणि मितावलीच्या आजींचं घर, तिन्ही मी दाखवीन. गाडी नसेल तर मालनपूरपर्यंत बसने येईन.

आपली,
एक निवृत्त शिक्षिका
लश्कर, ग्वाल्हेर