कुंडलिकेचं पाणी

तीर्थरूप आई-बाबांस,
शिरसाष्टांग नमस्कार.

परवा फोनवर मी कुंडलिका नदीवरच्या राफ्टिंगचं, म्हणजे हवा भरलेल्या रबरी होडीतून वाहती नदी उतरण्याचं, नाव काढल्याबरोबर आईने विचारलं, "तुला पोहता कुठे येतं?" आणि बाबांनी विचारलं, "डिसेंबरात कोकणातल्या नदीला एवढं पाणी कुठून आलं?" दोन्ही प्रश्न रास्त आहेत, पण फोनवर उरकण्यासारखे नाहीत. ऑफिसच्या ग्रुपवरचा जो व्हिडिओ दादाने तुम्हाला दाखवला, त्यात नुसता आमचा आरडाओरडा आहे. त्यावरून काही समजायचं नाही. म्हणून हे सविस्तर पत्र.

आईचा प्रश्न आधी घेते, नाहीतर ती पुढचं वाचणारच नाही.

आई, आमच्या राफ्टमधल्या निम्म्या लोकांना पोहता येत नव्हतं आणि गाइडला त्याचं काहीच वाटलं नाही. त्याला काळजी होती ती जॅकेटची. त्याने प्रत्येकाचे पट्टे स्वतः आवळले आणि मग दोन्ही खांद्यांपाशी जॅकेट धरून वर खेचून बघितलं. ते कानापर्यंत सरकलं की पुन्हा आवळायचं. माझं दोनदा आवळलं, श्वास घेता येईल पण मोठ्याने हसता येणार नाही इतपत. मग हेल्मेट. मग वल्हं कसं धरायचं ते. वल्ह्याच्या वरच्या टोकाला आडवी मूठ असते, तिच्यावरचा हात कधी काढायचा नाही. पडून फारसं कुणाला लागत नाही, शेजारच्याची ती मूठ दातांवर बसते तेव्हा लागतं, असं तो म्हणाला. मी मुद्दाम शेजारी कोण बसतंय ते बघून घेतलं.

बसायचं राफ्टच्या फुगीर काठावर, आत नाही. पाऊल तेवढं आतल्या आडव्या ट्यूबखाली खुपसून ठेवायचं. हे ऐकून मलाही तुझ्यासारखंच वाटलं होतं, की आत एवढी जागा असताना काठावर कशाला? पण आत बसून वल्हं पाण्यापर्यंत पोहोचत नाही, आणि वल्ही चालली नाहीत तर राफ्ट पाण्याच्या मर्जीने जाते. सगळे मिळून मारत असले की निदान थोडी आपल्या मर्जीने जाते.

सगळ्यात महत्त्वाचं मला वाटलं ते पडल्यावर काय करायचं हे. उताणं व्हायचं, पाय प्रवाहाच्या दिशेने पुढे, पायांचे अंगठे पाण्याबाहेर दिसले पाहिजेत. आणि उभं राहायचा प्रयत्न करायचा नाही. गुडघाभर पाण्यातसुद्धा नाही. आपली पहिली धडपड नेमकी तीच असते ना, कुठेतरी पाय टेकवायची? पण तळाच्या दगडांच्या फटीत पाऊल अडकलं आणि मागून पाण्याचा लोट आला की माणूस पुढे वाकतो, आणि मग त्याला उठता येत नाही. ज्यांना उत्तम पोहता येतं तेही यात सापडतात. त्यामुळे आई, "पोहता येतं का" यापेक्षा "सांगितलेलं ऐकतेस का" हा प्रश्न जास्त बरोबर आहे, आणि त्याचं उत्तर तुला माझ्यापेक्षा चांगलं माहीत आहे.

गाइड नेपाळचा होता. मराठी मोडकंतोडकं, पण हुकूम सगळे इंग्रजीत आणि खणखणीत: फॉरवर्ड, बॅक, स्टॉप, गेट डाउन. आमच्यातला एकजण (नाव लिहीत नाही, तुम्ही त्याच्या लग्नात जेवला आहात) रात्री उशिरापर्यंत कॅम्पवर "बसला" होता आणि सकाळी त्याच्या तोंडाला वास येत होता. गाइडने काही न बोलता त्याच्या डोक्यावरचं हेल्मेट काढून घेतलं. हा भांडला, पैसे भरलेत म्हणाला. "उद्या या सर," एवढंच उत्तर. तो बिचारा शेवटपर्यंत सामानाच्या गाडीत बसून राहिला. मला त्या गाइडबद्दल तिथेच भरवसा वाटला. नाहीतर आम्ही ज्यांना आधी फोन केला होता, ते दहा वर्षांच्या मुलालाही "बसवून घेऊ की" म्हणत होते. चौदाच्या आतल्यांना सहसा घेत नाहीत हे ठाऊक असल्यामुळे तिथूनच आम्ही तो नंबर सोडला.

आता बाबा, तुमचा प्रश्न. पाणी मुळशीचं.

कुंडलिका म्हणजे आपली कोलाडची नदी, मुंबई-गोवा रस्त्यावर लागते ती. पुढे रोह्यावरून रेवदंड्याला समुद्राला मिळते. आम्ही पुण्याहून ताम्हिणी घाट उतरून विळ्यावरून सुतारवाडीकडे गेलो. डिसेंबरात सह्याद्रीच्या पश्चिमेकडच्या बऱ्याचशा नद्यांत पाणी आटत आलेलं असतं, आणि हिच्यात रोज सकाळी राफ्टिंग चालतं, कारण हिच्यात पाऊस वाहत नाही, तुम्ही जन्मभर नोकरीत सांभाळलीत ती वीज वाहते.

मुळशीचं धरण मुळेवर. मुळा म्हणजे खरं तर पूर्वेकडे, पुण्याकडे जाणारी नदी. ते पाणी भीमेला, कृष्णेला मिळून बंगालच्या उपसागरात जायचं. टाटांनी ते डोंगराच्या पश्चिम कड्यावरून नळांतून खाली भिऱ्याला सोडलं. सुमारे पाचशे मीटरची उंची. १९२७ पासून भिऱ्याचं वीजघर चालू आहे. इतक्या उंचीवरून येणाऱ्या पाण्याला पेल्टनची चाकं, म्हणजे काठावरच्या वाट्यांवर धार आदळून फिरणारी चाकं, लागतात हे तुम्ही मला लहानपणी पेल्यावर नळाची धार मारून दाखवलं होतं, आठवतं? ओट्यावर सगळं पाणी झालं होतं आणि आई ओरडली होती. तेच हे. त्याच्या खाली सरकारचं टेल रेसचं वीजघर आहे, ८० मेगावॉटचं. वरच्या वीजघरातून सुटलेल्या पाण्यातून तिथे पुन्हा वीज काढतात आणि मगच ते नदीत सोडतात. म्हणजे आम्ही ज्याच्यावर बसलो ते पाणी दोनदा कामावर जाऊन आलं होतं. पुढे डोलवहाळच्या बंधाऱ्यावरून कालव्यांत, शेतांत जातं ते वेगळंच.

आम्ही राफ्ट घेऊन काठावर पोहोचलो तेव्हा पात्रात नुसते काळे गोटे आणि त्यांच्यामधून घोट्याएवढं पाणी. राफ्ट सोडाच, ताट तरंगलं नसतं. "थांबा, पाणी सुटायचंय," म्हणाले. कधी तास-दीड तास खोळंबा होतो म्हणे. आम्ही पोहे खाल्ले, चहा झाला. मी समोरच्या एका खडकावर नजर ठेवून बसले होते. त्याच्यावर कालच्या पाण्याची रेघ होती, खाली काळपट आणि वर पांढरट. आधी त्याच्या बुडाशी वाळलेली पानं हलायला लागली. मग मधल्या गोट्यांमधली ओहोळं एकमेकांत मिसळली. मग आवाज बदलला, खळखळ गेली आणि एक सलग घुमारा सुरू झाला. थोड्या वेळाने बघते तर ती रेघ पाण्याखाली गेलेली. आभाळात ढग नाही, वारा नाही, आणि नदीला पूर.

मला तिथे तुमची सबस्टेशनची वही आठवली. सकाळी मुंबईत गिझर लागतात, लोकल भरून धावायला लागतात, लोड चढतो, आणि कुणीतरी वरून फोन करतं: मशीन घ्या, म्हणजे वीजघरातलं यंत्र चालू करा. तुम्ही सगळी नोकरी तारेच्या त्या टोकाला काढलीत. ह्या टोकाला काय होतं ते मी पहिल्यांदा बघितलं. काठावर कपडे धुणाऱ्या बायकांना मात्र ह्याचं काही नवल नाही. पाण्याची वेळ त्यांना पाठ आहे, आवाज बदलायच्या आधीच त्यांनी बादल्या उचलल्या होत्या.

राफ्टिंग म्हणाल तर बारा-एक किलोमीटर, दोन-अडीच तास. दगडांवरून उसळत जाणाऱ्या धारांना, म्हणजे रॅपिड्सना, इंग्रजी नावं दिली आहेत. एकीचं नाव "मॉर्निंग हेडेक". सामानाच्या गाडीत बसलेल्या आमच्या मित्रासाठीच ठेवलंय जणू. एक ते सहा अशी धारांची प्रत असते, इथल्या दोन-तीनच्या. म्हणजे हृषीकेशच्या वरच्या गंगेपेक्षा सौम्य. आमच्यात एक तिथे जाऊन आलेला होता, तो सगळ्यांना हेच ऐकवत होता, आणि पहिल्याच धारेला सगळ्यात मोठ्याने तोच ओरडला.

धार येते तेव्हा आधी दिसत नाही, ऐकू येते. पुढे पाणी एकदम सपाट, काचेसारखं होतं आणि मध्ये निमुळतं होत जातं. गाइड राफ्टचं नाक बरोबर त्या निमुळत्या पट्ट्यात घालतो. "फॉरवर्ड, फॉरवर्ड!" मी डावीकडे पुढे होते. माझं वल्हं एकदा पाण्यात आणि एकदा नुसतं हवेत, कारण खालचं पाणीच गेलेलं. मग समोरून लाट आली ती थेट तोंडावर, आणि नाकातोंडातून गारठा डोक्यापर्यंत गेला. राफ्टच्या तळाला भोकं असतात, आत आलेलं पाणी आपोआप निघून जातं. मला ते आधी माहीत नव्हतं, म्हणून मी हाताने उपसत बसले आणि सगळे हसले.

एकजण पडली. लिहू की नको असं झालं होतं, पण व्हिडिओत ते आहेच. माझ्या मागची मुलगी, दुसऱ्या लाटेला. वर आली, उताणी झाली, पाय पुढे केले, सगळं शिकवल्याप्रमाणे. गाइडने दोरीची पिशवी टाकली, तिला राफ्टपाशी ओढलं, जॅकेटचे खांदे धरून एकदा खाली बुचकळलं आणि त्याच उसळीने वर काढून राफ्टमध्ये टाकलं. मिनिटही झालं नसेल. वर आल्यावर तिने पहिलं काय विचारलं असेल? "माझा चष्मा?" दोरी बांधलेली होती, चष्मा गळ्यातच होता.

मधल्या संथ पट्ट्यात उतरू देतात. मी उतरले, आई. दोरी धरून, उताणी. कानात पाणी, वर डोंगराची रांग, काठावर जांभळं आणि उंबर, एक खंड्या सारखा ह्या फांदीवरून त्या फांदीवर. आणि तिथे मला तुझ्या आजीची आठवण झाली. तिचं माहेर मुळशीच्या पाण्याखाली गेलं, हे तू कितीदा सांगितलंस. मुळशी सत्याग्रहाची ती घोषणा, "जान किंवा जमीन", तू आम्हाला गाण्यासारखी म्हणून दाखवायचीस. १९२१ च्या रामनवमीला तिथले मावळे शेतकरी बायकापोरांसकट धरणाच्या कामावर जाऊन बसले. त्यांचे पुढारी पां. म. बापट, त्यांना "सेनापती" लोक म्हणायला लागले ते ह्याच लढ्यापासून. बावन्न गावांचा प्रश्न होता. धरण झालंच. मोबदल्यातलं कसणाऱ्याच्या हाती थोडंच पडलं, कारण जमिनी सावकारांकडे अडकलेल्या.

मला रडूबिडू आलं नाही. मजा येत होती, खोटं कशाला सांगू. पण बाकीच्यांना ती नदी कोलाडची वाटत होती आणि मला ती आपल्या घरातून निघाल्यासारखी वाटली, एवढं खरं. त्या कॅम्पांवर एवढे फलक आहेत, झिपलाइनचे, बार्बेक्यूचे, रेन डान्सचे. पाणी कुठून येतं हे एका ओळीतही कुठे लिहिलेलं नाही. ते मला खटकलं. पाटी लावायला असा कितीसा खर्च येतो?

कामत गावापाशी राफ्टिंग संपलं. तिथून गाडीने परत, तांदळाची भाकरी, डाळ, कोंबडीचा रस्सा. मी तीन भाकऱ्या खाल्ल्या. दुसऱ्या दिवशी दंड इतके भरून आले होते की केस विंचरायला हात वर जाईना.

आता मुद्द्याचं. तुम्ही दोघांनी फेब्रुवारीत या. उन्हाळ्यात नको, भिऱ्याला २०१७ च्या मार्चमध्ये ४६.५ अंशांची नोंद झाली होती, बाबांना ते झेपायचं नाही. बाबा, अँजिओप्लास्टी झालेल्यांना राफ्टमध्ये घेत नाहीत, मी विचारून आले आहे, तेव्हा त्याचा हट्ट नको. तुम्हाला मी सकाळी त्याच खडकासमोर खुर्ची टाकून देते. पाणी सुटताना बघा आणि किती युनिटं गेली त्याचा हिशोब करत बसा. आईला मात्र चालेल म्हणाले. बीपी नाही, गुडघे ठीक आहेत, साडीऐवजी ट्रॅक पँट घालावी लागेल. विचार कर. मी शेजारी बसेन आणि माझी मूठ तुझ्या दातांपासून लांब ठेवीन.

मिरजेहून पुण्यापर्यंत रेल्वेने या, पुढे माझी गाडी आहे. जाताना मुळशीच्या काठाला थांबू. तुझ्या आजीचं माहेरचं गाव नक्की कुठल्या अंगाला होतं ते मामाला विचारून ठेव, मला नकाशात सापडत नाहीये.

तुमची,
लेक

ता. क. बाबा, तुमचे वीज बोर्डातले ते जुने साहेब, जे भिऱ्याला होते म्हणायचात, त्यांचा फोन लागतो का बघा. वीजघर आतून बघायला परवानगी लागते, आणि ती दोन-तीन आठवडे आधी मागावी लागेल असं दिसतंय.